रस्त्याबाहेरील वाहनांचे अपघात व त्यांचे वैद्यकीय संकेतन : एका गृहीताची समीक्षा

आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीतील विसावे प्रकरण कोणी वाचनासाठी म्हणून हाती घेत असेल, असे वाटत नाही. ज्याला एखादा संकेतांक हवा असतो तो सूचीत शब्द शोधतो, अंक उतरवून घेतो आणि ग्रंथ मिटतो. शब्दकोशाच्या वाट्याला जे येते तेच या ग्रंथाच्याही वाट्याला आले आहे. परंतु कोशाला जशी प्रस्तावना असते, व्याख्या असतात आणि त्या व्याख्यांमागे कोशकाराची एक दृष्टी असते, तशी ती येथेही आहे. ती दृष्टी कोठे अपुरी पडते हे पाहावयाचे असेल, तर प्रकरणाच्या मध्यभागी न पाहता त्याच्या कडेला पाहावे लागते. प्रस्तुत लेखात अशा एका कडेच्या वर्गाचा विचार करावयाचा आहे. व्ही ८६ हा तो वर्ग होय. रस्त्यावर चालविण्यासाठी मुख्यत्वे तयार न केलेली वाहने, म्हणजे वाळूत, बर्फात, रानात, दलदलीत फिरणारी वाहने, आणि त्यांच्या अपघातांत जखमी होणारी माणसे यांसाठी तो राखलेला आहे.

विषय दूरचा वाटेल. तो तितका दूरचा नाही. पुणे, नवी मुंबई येथील कार्यालयांत बसून अमेरिकेतील रुग्णालयांच्या नोंदींना संकेतांक देण्याचे काम करणारे मराठी तरुण आज अनेक आहेत; ‘मेडिकल कोडिंग’ हा शब्द त्यांच्या घरांतून आता परका राहिलेला नाही. ज्याने बर्फगाडी कधी पाहिली नाही, तो ती उलटल्याची नोंद घेतो आणि तिचे रूपांतर एका अंकात करतो. पुढे त्याच अंकांची बेरीज होते, बेरजेवरून प्रबंध लिहिले जातात आणि प्रबंधांवरून कायदे होतात. तेव्हा अंक कसा ठरतो, हा प्रश्न केवळ कारकुनी नव्हे.

प्रथम थोडा पूर्वेतिहास सांगणे आवश्यक आहे. मृत्यूच्या कारणांचे जे वर्गीकरण बर्तिलाँ यांनी १८९३ मध्ये मांडले, त्याच्या पुढील सुधारणांतून आजचे वर्गीकरण सिद्ध झाले. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून जागतिक आरोग्य संघटनेने ते आपल्याकडे घेतले आणि त्यात मृत्यूंबरोबर आजारांनाही स्थान दिले. दुखापतीचा विचार दोन अंगांनी करावयाचा ही पद्धतही त्याच आवृत्तीत पक्की झाली : दुखापतीचे स्वरूप एका अंकाने सांगावयाचे आणि तिचे बाह्य कारण दुसऱ्या अंकाने. हाड कोठे मोडले हा एक प्रश्न. कशामुळे मोडले हा दुसरा. पहिल्या प्रश्नाचे उत्तर वैद्याच्या डोळ्यांपुढे असते. दुसऱ्याचे उत्तर रुग्ण, त्याचे नातलग किंवा त्याला उचलून आणणारा सांगेल तेवढेच असते, आणि ते कोणी विचारले तर.

नवव्या आवृत्तीत रस्त्याबाहेरील वाहनांना ‘ई ८२१’ हा अंक होता. तो अंक केवळ रस्त्याबाहेरील अपघातापुरता होता. तेच वाहन सार्वजनिक मार्गावर येऊन उलटले, की ते सर्वसाधारण मोटारगाड्यांच्या गर्दीत मिसळून जाई आणि त्याची ओळख पुसली जाई. १९९० मध्ये संमत झालेल्या दहाव्या आवृत्तीने येथे एक मोलाची सुधारणा केली. अपघाताच्या प्रकारावरून वर्ग पाडण्याऐवजी जखमी मनुष्य कोणत्या वाहनात होता, यावरून वर्ग पाडण्याचे तिने ठरविले. कारण प्रतिबंधाच्या दृष्टीने तेच सर्वांत महत्त्वाचे आहे. या निर्णयामुळे व्ही ८६ मधील वाहनस्थ रस्त्यावर जखमी झाला काय किंवा रस्त्याबाहेर जखमी झाला काय, तो व्ही ८६ मध्येच राहतो. फरक दाखविला जातो तो पुढच्या अंकाने. चालक, प्रवासी, वाहनाच्या बाहेरच्या अंगावरील व्यक्ती आणि अनिर्दिष्ट वाहनस्थ यांना वाहतूक-अपघातासाठी शून्यापासून तीनपर्यंतचे अंक, आणि वाहतुकेतर अपघातासाठी पाच, सहा, सात व नऊ हे अंक दिलेले आहेत. चार हा अंक चढता-उतरताना होणाऱ्या अपघाताचा. रचना देखणी आहे. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून रुग्णनोंदींसाठी जे विस्तारित संस्करण चालू झाले, त्यात याच रचनेवर आणखी मजले चढविण्यात आले.

या देखण्या घरात राहावयास मात्र कोणाकोणाला पाठविले आहे ते पाहावे. अमेरिकी संस्करणात व्ही ८६ खालील पहिले पोटशीर्षक रुग्णवाहिका व अग्निशामक बंब यांचे आहे! पाठोपाठ बर्फगाडी, वाळूच्या टेकड्यांवरील बग्गी, लष्करी वाहन. तीन वा चार चाकांची एटीव्ही आणि मातीच्या शर्यतीची मोटारसायकल यांना प्रारंभी स्वतंत्र पोटशीर्षकही नव्हते. ते मागाहून देण्यात आले. रुग्णवाहिकेइतके रस्त्याला बांधलेले वाहन दुसरे क्वचितच असेल. ती ‘विशेष’ आहे, एवढ्याच नात्याने या वर्गात आली. तर्कशास्त्राच्या विद्यार्थ्याला ही गोष्ट तत्काळ ध्यानात येईल की, येथे वर्गाचे लक्षण भावरूप नसून अभावरूप आहे. जे नेहमीच्या मोटारींत बसत नाही ते येथे. रस्ता हा नियम, आणि रस्त्याबाहेरचे सर्व जग हे त्या नियमाचे उर्वरित.

उर्वरिताच्या वर्गात माल कोंबला की काय हरवते, हे मोटारगाडीशी तुलना केल्यास स्पष्ट होते. मोटारगाडीतील जखमीसाठी व्ही ४० ते व्ही ४९ अशी दहा घरे आहेत. गाडी कोणाशी धडकली, दुसऱ्या गाडीशी, ट्रकशी, रेल्वेशी, स्थिर वस्तूशी, की धडक न होताच उलटली, हे तिसऱ्या स्थानावरील अंक सांगतो. एटीव्हीसाठी तो अंक वाहनाची जात सांगण्यातच खर्च होऊन गेलेला आहे. परिणामी एटीव्ही झाडावर आदळली किंवा उतारावर उलटून चालकाच्या छातीवर पडली, तरी अंक एकच. वस्तुतः उंच बांधणी, अरुंद चाकपट्टा आणि मऊ, कमी दाबाचे टायर यांमुळे उलटणे हाच या वाहनाचा प्रमुख दोष होय. ज्या गोष्टीविषयी प्रथम विचारावयास हवे, तिच्यासाठीच वर्गीकरणात जागा उरलेली नाही. मोटारगाडीच्या बाबतीत इतका चौकस असणारा ग्रंथ येथे एकाएकी मुका होतो.

दुसरे उदाहरण चाकांच्या संख्येचे. १९७० च्या सुमारास अमेरिकेच्या बाजारात आलेली पहिली लोकप्रिय एटीव्ही तीन चाकांची होती. चार चाकांची वाहने १९८० नंतरच्या दशकात आली. तीनचाकीच्या अस्थिरतेवरून तेथे मोठा वाद झाला, आणि १९८८ मध्ये ग्राहक-उत्पादन सुरक्षा आयोगाच्या खटल्यात उत्पादकांनी न्यायालयापुढे संमती देऊन नव्या तीनचाकींची विक्री थांबविली. दहा वर्षांनी त्या संमतीची मुदत संपली. पुढे २००८ च्या कायद्याने तीनचाकींना पुन्हा अटकाव केला. म्हणजे या वाहनाच्या इतिहासातील सर्वांत मोठा सार्वजनिक निर्णय तीन आणि चार यांच्या भेदावर उभा आहे. त्या आयोगाच्या स्वतःच्या रुग्णालयीन पाहणीत तीनचाकी व चारचाकी यांना निरनिराळे उत्पादनांक दिलेले आहेत. रोगवर्गीकरणाच्या अमेरिकी संस्करणाने मात्र एटीव्हीला घर दिले तेव्हा दारावर ‘तीन वा चार चाकांची’ अशी एकच पाटी लावली. जुन्या तीनचाकी अजून कोणाच्या गोठ्यात, गुदामात असतील. त्यांवरून पडणारा मुलगा आकडेवारीत चारचाकीवरून पडणाऱ्यापासून ओळखू येणार नाही.

‘वाहनाच्या बाहेरच्या अंगावरील व्यक्ती’ या पदाची गंमत तर निराळीच आहे. व्याख्येप्रमाणे चालक वा प्रवासी यांच्यासाठी राखलेल्या, किंवा माल ठेवण्यासाठी योजलेल्या जागेत जो नाही, परंतु वाहनाबरोबर जात आहे, तो ‘बाहेरचा’. टपावर बसलेला, पायरीवर उभा असलेला, मागे लोंबकळणारा हे सारे त्यात आले. ही व्याख्या बंदिस्त गाडी डोळ्यांपुढे ठेवून केलेली आहे, हे उघड आहे. एटीव्हीला आत नाहीच, मग बाहेर कोठले? बहुतेक एटीव्ही एका स्वाराच्या असतात. दुसरा माणूस बसला तर तो चालकाच्या पाठीमागे त्याच बैठकीवर किंवा मागच्या सामानाच्या जाळीवर बसतो, आणि बहुधा तो घरातला लहान मुलगा असतो. जाळी ही मालाची जागा. म्हणून व्याख्येच्या अक्षराप्रमाणे तो ‘बाहेरचा’ नव्हे. बैठक चालकाची, म्हणून तेथे बसलेलाही ‘बाहेरचा’ नव्हे. शेवटी दोघेही ‘प्रवासी’ ठरतात, जणू त्यांच्यासाठी आसन होतेच. एकासाठी केलेल्या वाहनावर दोघे बसले, हा धोक्याचा गाभा. तो ‘प्रवासी’ या सभ्य शब्दाखाली झाकला जातो.

येथवरचे दोष गाळणुकीचे आहेत. जे विचारले नाही ते कळले नाही, इतकेच त्यांच्याविषयी म्हणता येईल. अभ्यासक सावध असेल तर तो त्या अंकांवरून नसलेले अनुमान काढणार नाही. आता ज्या गोष्टीकडे वळावयाचे ती अधिक गंभीर आहे, कारण तीत वर्गीकरण न विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर स्वतःच देते.

वाहतूक-अपघाताची व्याख्या अशी की, जो अपघात सार्वजनिक मार्गावर सुरू झाला, तेथे संपला, किंवा ज्यात एखादे वाहन अंशतः तरी मार्गावर होते, तो वाहतूक-अपघात. जो संपूर्णपणे अन्यत्र घडला तो वाहतुकेतर. येथवर ठीक. परंतु नोंदीत स्थळ सांगितलेच नसेल तर? ग्रंथ सांगतो : वाहनाचा अपघात सार्वजनिक मार्गावर झाला असे गृहीत धरावे; मात्र अपघातात केवळ रस्त्याबाहेरील वाहनेच गुंतलेली असतील, तर उलट उल्लेख नसेल तोवर तो वाहतुकेतर समजावा. एकाच मौनाचे दोन अर्थ. मोटारगाडीच्या बाबतीत मौन म्हणजे रस्ता. एटीव्हीच्या बाबतीत मौन म्हणजे रस्त्याबाहेर. हाच न्याय शीर्षकांखालील समावेशांतही उतरलेला आहे : अन्य तपशील नसलेला एटीव्हीचा अपघात व्ही ८६.९ खाली, म्हणजे वाहतुकेतर अपघातातील अनिर्दिष्ट वाहनस्थ म्हणून घालावा, असे तेथे दिले आहे.

एक कल्पित नोंद घेऊ. रात्रीच्या पाळीतील वैद्याने लिहिले : ‘१४ वर्षांचा मुलगा, एटीव्ही उलटली, डाव्या गळपट्टीचे हाड मोडले.’ इतकेच. संकेतनकार काय करील? हाड मोडले, जखम उघडी की बंद ते लिहिलेले नाही, नियम असा की न लिहिल्यास बंद समजावे. म्हणून ‘एस ४२.००२ ए’, म्हणजे डाव्या गळपट्टीच्या अनिर्दिष्ट भागाचा बंद अस्थिभंग, प्रथम भेट. मुलगा चालवीत होता की मागे बसला होता? लिहिलेले नाही, म्हणून अनिर्दिष्ट वाहनस्थ. कोठे? लिहिलेले नाही, म्हणून वाहतुकेतर. अंक तयार झाला : ‘व्ही ८६.९५ एक्स ए’. मधला एक्स केवळ जागा भरण्यासाठी. शेवटचा ए पुन्हा प्रथम भेटीचा.

या एका ओळीत तीन मौने आहेत आणि वर्गीकरणाने तिघांशी तीन प्रकारांनी वर्तन केले आहे. अस्थिभंगाविषयीच्या मौनाला त्याने ‘बंद’ असा अर्थ दिला. हे गृहीत फारसे अपायकारक नाही. क्ष-किरणचित्र आहे, शल्यक्रियेची टिपणे आहेत, चूक असेल तर ती तेथे उघडी पडते. बैठकीविषयीच्या मौनाला त्याने ‘अनिर्दिष्ट’ असे प्रामाणिक नाव दिले. पुढच्या अभ्यासकाला कळते की येथे माहिती नव्हती. स्थळाविषयीच्या मौनाला मात्र त्याने ‘रस्त्याबाहेर’ हे उत्तर दिले आणि ते उत्तर गृहीत आहे याची कोणतीही खूण अंकावर ठेवली नाही. ज्या मुलाच्या बापाने ‘आमच्या रानात उलटली’ असे स्वतः सांगितले, त्याचा स्थळविषयक अंक आणि ज्याच्याविषयी कोणी काहीच विचारले नाही, त्याचा अंक हे अगदी सारखेच. बैठक न कळणे मान्य करणाऱ्या वर्गाने स्थळ न कळणे मान्य करू नये, यामागे कोणते तत्त्व आहे, हे ग्रंथात शोधूनही सापडत नाही.

यातून काय बिघडते? अमेरिकेत गेली अनेक वर्षे चाललेला एक वाद असा आहे की, एटीव्हींना सार्वजनिक रस्त्यावर येऊ द्यावे की नाही. उत्पादक स्वतः सांगत आले की, हे वाहन फरसबंद रस्त्यासाठी नाही. मऊ टायर तेथे अनपेक्षितपणे पकड घेतात, आणि मागची दोन्ही चाके एकाच गतीने फिरणाऱ्या वाहनाला वळण घेणे अवघड जाते. उलट अनेक राज्यांनी व गावांनी काही रस्ते त्यांना खुले केले. या वादात रुग्णालयीन अंकांचा आधार घेणारा अभ्यासक व्ही ८६ उघडून पाहील, तर त्याला वाहतुकेतर अपघातांचे पारडे जड दिसेल. तो म्हणेल, रस्त्यावर फारसे काही घडत नाही. परंतु त्या पारड्यात किती वजन घटनेचे आणि किती नियमाचे, हे त्याला अंकावरून सांगता येणार नाही. हे वाहन रस्त्याबाहेर चालते असे मानून अंक दिले, आणि मग अंकांवरून ते रस्त्याबाहेर चालते असे सिद्ध केले! न्यायशास्त्रात ज्याला आत्माश्रय दोष म्हणतात, त्याचे इतके निर्मळ उदाहरण पाठ्यपुस्तकातही मिळणे कठीण.

ही शंका केवळ तर्काची नव्हे. अमेरिकेत १९७५ पासून प्राणघातक रस्ते-अपघातांची एक स्वतंत्र नोंद ठेवली जाते. तीत सार्वजनिक मार्गावर घडलेले आणि ३० दिवसांच्या आत मृत्यू ओढवलेले अपघातच येतात, आणि तिचा आधार पोलिसांची कागदपत्रे हा असतो. त्या नोंदीतही एटीव्हीस्वारांचे मृत्यू दरवर्षी शेकड्यांनी दिसतात. पोलीस स्थळ विचारतो, कारण स्थळ हाच त्याच्या अधिकाराचा पाया असतो. वैद्याला स्थळाशी कर्तव्य नसते. त्याला श्वास, रक्तदाब, हाड यांच्याशी कर्तव्य असते. त्यात त्याचा दोष नाही.

आणखी एक अडचण आहे. वेस्ट व्हर्जिनियाच्या दक्षिण भागात हॅटफील्ड-मॅकॉय नावाची आडवाटांची एक विस्तीर्ण व्यवस्था २००० पासून चालू आहे. शुल्क भरून परवाना घ्यावा आणि डोंगरांतून शेकडो मैल हिंडावे. या वाटा गिल्बर्ट, मेटवान अशा जुन्या कोळसा-गावांना जोडलेल्या आहेत. स्वार डोंगर उतरून गावात येतो, गावच्या रस्त्यावरून इंधन भरावयास, जेवावयास जातो आणि पुन्हा डोंगर चढतो. एका दिवसाच्या एका फेरीत तो वाहतुकेत आणि वाहतुकेतर अशा दोन्ही प्रदेशांत अनेकदा ये-जा करतो. त्याच्या दृष्टीने ती एकच वाट. ग्रंथाच्या दृष्टीने ती दोन भिन्न विश्वे, आणि नोंदीत काही लिहिलेले नसेल तर त्यांतले दुसरेच.

ग्रंथाच्या बाजूने जे बोलता येईल ते बोलणे समीक्षकाचे कर्तव्य आहे. गृहीताशिवाय संकेतन चालत नाही. हजारो अपुऱ्या नोंदी ‘अज्ञात’ या एका डबक्यात सोडून दिल्या, तर आकडेवारी प्रामाणिक होईल, पण निरुपयोगी होईल. मृत्यूच्या दाखल्यावरील चार शब्दांवरून ज्यांना राष्ट्राचे कोष्टक करावयाचे होते, त्यांनी संभाव्यतेचा आश्रय घेतला तर त्यांना दोष देणे योग्य नव्हे. मोटार रस्त्यावर आणि बर्फगाडी बर्फावर, हे बहुतेक वेळा खरेही असणार. आक्षेप गृहीत धरण्यावर नाही; गृहीत धरल्याची खूण पुसण्यावर आहे. भाष्यकारही लुप्त पाठ आपल्या तर्काने भरून काढतो, परंतु तो भरलेला भाग कंसात घालतो. येथे कंस नाही.

कंसाचे काम करू शकेल असे एक साधन त्याच ग्रंथात आहे, ही गोष्ट मात्र अभ्यासकांच्या पुरेशी ध्यानात आलेली दिसत नाही. घटनास्थळासाठी ‘वाय ९२’ हा निराळा वर्ग आहे, आणि अमेरिकी संस्करणात तो चांगलाच तपशीलवार आहे : महामार्ग, राज्यमार्ग, गावातील रस्ता, पदपथ, वाहनतळ, शेत, फळबाग, वाळवंट, अरण्य, समुद्रकिनारा. स्थळ नोंदलेले नसेल तर हा अंक देऊच नये, ‘अनिर्दिष्ट स्थळ’ म्हणूनही देऊ नये, असा तेथील नियम आहे. म्हणजे जे मौन व्ही ८६ मध्ये बोलते, तेच वाय ९२ मध्ये मौनच राहते. यावरून एक साधी चाचणी सुचते. व्ही ८६ मधील वाहतुकेतर नोंदींचे दोन भाग करावेत : ज्यांना वाय ९२ ची जोड आहे त्या, आणि ज्यांना नाही त्या. पहिल्या भागात स्थळ कोणीतरी लिहिले होते; दुसऱ्यात ते गृहीत असण्याचा संभव मोठा. दुसरा भाग वगळून गुणोत्तर पुन्हा मांडावे आणि किती हलते ते पाहावे. ही चाचणी निर्दोष नाही. बाह्य कारणाचे अंक देण्याची राष्ट्रव्यापी सक्ती अमेरिकेत नाही. राज्य वा विमेदार मागेल तेथे ते द्यावयाचे, अन्यत्र ऐच्छिक. वाय ९२ तर पहिल्या भेटीतच एकदा द्यावयाचा. आळसामुळे किंवा घाईमुळे तो गळाला असेल, तर स्थळ माहीत असूनही नोंद दुसऱ्या भागात जाईल. परंतु सदोष चाचणी असणे हे चाचणीच नसण्यापेक्षा बरे. निदान आपण कोणत्या पायावर उभे आहोत ते कळते.

सार्वजनिक मार्गाच्या व्याख्येतील एका शब्दाकडे मराठी वाचकाचे लक्ष विशेषत्वाने वेधावेसे वाटते. जी जमीन लोकांना ये-जा करण्यासाठी हक्काने किंवा रूढीने खुली आहे, ती हद्दीपासून हद्दीपर्यंत सारी सार्वजनिक मार्ग होय, असा तिचा आशय आहे. ‘रूढीने’ या पदाला आपल्याकडे नेमका प्रतिशब्द आहे : वहिवाट. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ मधील बांधावरून जाण्याच्या हक्काचे कलम १४३, किंवा मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ खाली चालणारे अडवलेल्या वाटांचे दावे ज्याने पाहिले असतील, त्याला पाणंद, शिवरस्ता, गाडीवाट हे शब्द किती भांडणे पोटात घेऊन असतात हे सांगावयास नको. व्याख्येचे अक्षर गंभीरपणे घेतले, तर यांतील पुष्कळशा वाटा ‘सार्वजनिक मार्ग’ ठरतील. परंतु संकेतनकार व्याख्या वाचून नव्हे, तर मनातील डांबरी रस्त्याचे चित्र पाहून निर्णय करतो. ‘रस्त्याबाहेर’ हा शब्दच त्याला तसे करावयास शिकवितो.

आणि येथे हा प्रश्न अमेरिकेच्या वाळूतून उठून आपल्या दारी येतो. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियमानुसार द्यावयाच्या मृत्यूच्या वैद्यकीय प्रमाणपत्रांचे वर्गीकरण आपल्याकडे दहाव्या आवृत्तीच्या आधारे होत आले आहे. एटीव्ही आपल्या किनाऱ्यांवर पर्यटकांपुरत्या दिसतात. आपले खरे रस्त्याबाहेरील वाहन म्हणजे ट्रॅक्टर. त्याचा वर्ग व्ही ८४, शेतीच्या विशेष वाहनांचा. त्या वर्गातही अन्य तपशील नसलेला अपघात व्ही ८४.९ खाली, म्हणजे वाहतुकेतर म्हणून घालावयाचा आहे. मोटार वाहन अधिनियम १९८८ ट्रॅक्टरला मोटार वाहनच मानतो. आणि गळीत हंगामात सोलापूर, अहिल्यानगर, सांगली, कोल्हापूर या जिल्ह्यांतून रात्री प्रवास केलेल्या कोणालाही ठाऊक आहे की, उसाच्या दोन दोन ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर त्या दिवसांत शेतापेक्षा राज्यमार्गावर अधिक असतात. उसाच्या मोळ्यांवर बसून निघालेला तोडणी कामगार पडला आणि दाखल्यावर ‘ट्रॅक्टर-अपघात’ एवढाच शब्द आला, तर वर्गीकरणाच्या न्यायाने तो शेतात पडला. तो मालाच्या जागेत होता, म्हणून ‘बाहेरचा’ही नव्हे. ट्रॉलीच्या मागे लाल दिवा नसणे, रस्त्याकडेला उजेड नसणे या गोष्टींचा विचार करणाऱ्या खात्याच्या कोष्टकात तो येणारच नाही. आणि शेतीयंत्रांच्या सुरक्षिततेचा विचार करणाऱ्याच्या कोष्टकात तो चुकीच्या कारणासाठी येईल.

२०१९ मध्ये संमत होऊन १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या अकराव्या आवृत्तीने या बाबतीत एक पाऊल पुढे टाकले आहे. तीत भूपृष्ठावरील वाहतुकीच्या घटनांचे दोन नव्हे, तीन गट आहेत : रस्त्यावरील, रस्त्याबाहेरील, आणि यांपैकी कोणती ते माहीत नसलेली. तिसऱ्या गटाला जागा मिळाली म्हणजे जुन्या गृहीताचा दोष ग्रंथकर्त्यांनाही जाणवला, असे मानावयास हरकत नाही. मात्र अमेरिकेतील रुग्णनोंदी अद्याप दहाव्या आवृत्तीच्या विस्तारित संस्करणानेच होतात, आणि अकरावी जेथे लागू होईल तेथेही मागील वर्षांचे अंक जुन्याच न्यायाने दिलेले राहतील. दोन आवृत्त्यांचे आकडे एका रेषेवर मांडणाऱ्याला त्या सांध्यावर रस्त्याबाहेरील अपघात एकाएकी घटलेले दिसण्याचा संभव आहे. आपल्या विभागातील ज्या विद्यार्थ्यांना अशा आकड्यांवर प्रबंध लिहावयाचे आहेत, त्यांनी त्या सांध्याच्या दोन्ही बाजूंची, स्थळ स्पष्ट लिहिलेली व न लिहिलेली प्रकरणे निरनिराळी मोजून घ्यावीत. जिल्हा रुग्णालयांतील ट्रॅक्टर-अपघातांच्या मूळ कागदांपासून आरंभ केला, तर त्यासाठी समुद्र ओलांडावयाचीही गरज नाही.